उसनं हसू

सावकाशवाल्यांच्या गाण्यात दोन ठोक्यांच्या मधे चहा करून, पिऊन, कप विसळून ठेवता येतो, अशी चेष्टा लोक करत. चेष्टा करणाऱ्यांतले निम्मे स्वतः सावकाशवालेच असत. गालिच्यांच्या एका बंद पडलेल्या दुकानाच्या तळघरात ही मंडळी जमायची. भिंतींवर न खपलेले गालिचे टांगलेले, कोपऱ्यांत माणसाच्या उंचीचे स्पीकर, आणि हवेत लोकरीचा नि ओलीचा कुबट वास. ड्रमवर एक ठोका पडायचा. त्याबरोबर गिटारचा एकच जाड सूर असा सुटायचा की पोटातलं जेवण हलायचं. मग तो सूर विरत जायचा, विरत जायचा, आणि नवखा माणूस शेजारच्याला हळूच विचारायचा, "वीज गेली का?" तेवढ्यात दुसरा ठोका.

अशा लोकांवर दोन वर्षं खर्ची घालून माहितीपट काढायचं कुणाच्या डोक्यात येईल? ताईच्या आलं.

ताई हे काही तिचं नाव नव्हे. ते तिच्या धंद्याचं भांडवल. तिचं सगळं आयुष्य असल्याच लोकांच्या मागे गेलं होतं. पहिली फिल्म तिनं काढली ती पोहण्याच्या कोरड्या तलावात उतरून, काळे कपडे घालून किंचाळणाऱ्या पोरांवर. दुसरी जुन्या कॅसेटी जमवणाऱ्यांवर. त्यांना गाण्यापेक्षा गाण्यामागची टेपची खरखर जास्त प्यारी होती. मग बसडेपोत गाड्या धुणाऱ्या मुली आल्या. त्या ब्रशच्या तालावर एकमेकींना यमक जुळवून शिव्या घालायच्या, आणि ज्या मुलीवर सगळ्यात सणसणीत शिवी रचली जाई तिला बहुमान वाटायचा. जगानं ज्यांच्याकडे कानाडोळा केला त्यांच्याकडे ही बाई कॅमेरा घेऊन हजर, असं वर्तमानपत्रं लिहायची. ते वाचून तिला बरं वाटायचं, आणि बरं वाटलं म्हणून मग अपराध्यासारखंही वाटायचं. हे दोन्ही तिला एकदमच व्हायचं.

कारण दर वेळी सुरुवात "मॅडम"नं व्हायची. मॅडम म्हणणारी माणसं कॅमेऱ्यासमोर पोट आत घेऊन बसतात आणि शोभेल तेवढंच बोलतात. मग ती त्यांच्या वायरी गुंडाळायला लागायची. कुणाच्या आईला दवाखान्यात सोडून यायची, कुणाच्या भांडणात मध्यस्थी करायची, कुणाच्या पोराला गणित समजावायची. हे सगळं ती मनापासून करायची, यात खोट नव्हती. आणि मग एक दिवस कुणीतरी बोलता बोलता "ताई" म्हणून जायचं. त्या रात्री तिला गाढ झोप लागायची. ताई म्हटलं की कॅमेरा कुठेही ठेवता येतो, हे तिला पहिल्याच फिल्मला कळलं होतं. फिल्म झाली की फोन कमी व्हायचे, मग फक्त शुभेच्छांचे मेसेज यायचे, मग तेही नाही. "ताई, परत कधी येतेस?" या प्रश्नाला तिच्याकडे एक ठेवणीतलं उत्तर होतं, आणि ते देताना तिला स्वतःची लाज वाटायची. पण पुढच्या फिल्मला ती पुन्हा वायरी गुंडाळायला हजर.

तळघरात तिला ताई म्हणणारा पहिला होता ठोक्या.

ठोक्या सुतार होता. दिवसभर दारं आणि चौकटी ठोकायच्या, संध्याकाळी तळघरात येऊन ड्रम ठोकायचा. नाव आपोआपच पडलं. हातोड्यासारखे तळवे, आणि बोलायची वेळ आली की कान लाल. तो सगळ्यांच्या मागे बसायचा आणि त्याचा ठोका कधी चुकायचा नाही. एवढ्या मोठ्या शांततेत नेमका क्षण कसा पकडतोस, असं ताईनं एकदा विचारलं, तर म्हणाला, "अगं ताई, घोगऱ्याची पाठ बघतो. त्याचा श्वास भरला की मला दिसतं. बाकी मोजायला कुणाला येतंय!"

घोगऱ्या म्हणजे त्यांचा गायक. पोटापाण्यासाठी तो लोकांना गाडी चालवायला शिकवायचा. आवाज असा, की फरशीवरून दगडी जातं ओढत नेतंय कुणीतरी. "ब्रेक!" म्हणून ओरडला तर पलीकडच्या गल्लीतली गाडी थांबते, असं ठोक्या सांगायचा. दोघं शाळेत एका बाकावर होते, एकदमच नापास झाले, आणि एकदमच पास. लग्नं झाली, पोरं झाली, तरी संध्याकाळी एकमेकांचं तोंड पाहिल्याशिवाय दोघांनाही चैन पडायचं नाही. सावकाशवाल्यांचा अड्डा या दोघांच्या दोस्तीवर उभा होता. लोक ऐकायला यायचे ते घोगऱ्याला. ठोक्याकडे कुणाचं लक्ष नसायचं, आणि त्याला ते चालायचं.

फिल्मच्या पहिल्या वर्षाच्या शेवटी घोगऱ्याच्या घशात गाठ निघाली आणि ऑपरेशन करावं लागलं. तो दवाखान्यात असताना बाकीच्यांनी सराव चालू ठेवला, "नाहीतर घरी बसून रडत बसू" म्हणून. त्यातल्याच एका संध्याकाळी बास गिटार वाजवणाऱ्या काकूंना दोन सुरांच्या मधे डुलकी लागली. काकू टेलिफोन कचेरीतून निवृत्त झालेल्या, गुडघे दुखतात म्हणून खुर्चीवर बसून वाजवणाऱ्या. मान छातीवर, तोंड उघडं, बोटं मात्र तारेवर तयार. ताईनं कॅमेरा काकूंवरून हळूच ठोक्यावर नेला. ठोक्या ओठ मुडपून हसत होता, खांदे गदगदत होते, आणि काकूंना जाग येऊ नये म्हणून हातातली काठी त्यानं हवेतच थांबवून धरली होती. इतकं मायेनं हसताना ताईनं क्वचितच कुणाला पाहिलं होतं. हा शॉट फिल्ममध्ये जाणार, हे तिनं तिथेच ठरवलं. जाग आल्यावर काकूंना सगळ्यांनी त्यावरून चिडवलं.

पुढे काही महिन्यांनी घोगऱ्या परत आला. डॉक्टरांनी गायला परवानगी दिली होती, म्हणजे मनाई केली नव्हती. तळघर गच्च भरलेलं. नेहमीसारखे सगळ्यांच्या अंगात राखाडी सदरे, तो त्यांचा शिरस्ताच होता. ठोका पडला, सूर सुटला, घोगऱ्यानं तोंड उघडलं, आणि जात्याचा आवाज यायचा तिथे दाराची बिजागरी करकरावी तसा एक बारीक, चिरका आवाज बाहेर आला. त्यानं डोळे मिटले आणि ती ओळ तशीच शेवटपर्यंत नेली. ताईकडे कॅमेरा एकच होता. तो तिनं घोगऱ्याच्या चेहऱ्यावरून हलवला नाही. असा चेहरा आयुष्यात पुन्हा मिळत नाही, हे तिला कळत होतं. पुढचा ठोका उशिरा पडला. कधी न चुकणारा ठोका त्या दिवशी चुकला. मागे बसलेल्या ठोक्याचा चेहरा तेव्हा कसा होता, हे कुणीच पाहिलं नाही.

तिच्या फिल्मा कापायचा, जोडायचा तो संकलक. त्याला सगळे कात्री म्हणत. दाताच्या डॉक्टरच्या वरच्या मजल्यावर त्याची खोली होती, आणि खालून ड्रिलचा आवाज आला की दोघं काम थांबवून तो संपायची वाट बघत. कात्रीची आणि तिची एक आपसातली भाषा होती. माणूस बोलता बोलता अडखळतो; तेवढं कापलं की चित्र उडी मारतं; ती उडी झाकायला मधे काहीतरी घालावं लागतं, एखादी खिडकी, एखादा हात, मान डोलावणारा एखादा श्रोता. तो श्रोता त्याच दिवशी, त्याच वाक्याला मान डोलावत असेल असं काही नसतं. याला दोघं उसनवारी म्हणत. "बाई, इथे एक मान उसनी घेऊ का?" असं कात्री विचारायचा. सगळेच घेतात. त्याशिवाय फिल्म उभी राहत नाही, आणि त्यात पाप आहे असं कुणी मानत नाही.

घोगऱ्याच्या त्या गाण्यापाशी फिल्म अडली होती. ओळ संपते, मग ती लांबलचक शांतता, मग उशिराचा ठोका. घोगऱ्याचा चेहरा तेवढा वेळ बघवत नव्हता. काकूंची बोटं घालून पाहिली, गालिचा घालून पाहिला, गर्दीतली एक रडणारी मुलगी घालून पाहिली, सगळं गुळमुळीत. मग ताईनंच म्हटलं, "काकूंच्या डुलकीतला ठोक्या घालून बघ जरा."

कात्रीनं घातला. घोगऱ्याचा आवाज फाटतो. मागे त्याचा जिवाभावाचा मित्र ओठ मुडपून हसतोय, काठी हवेत. आणि मग तो उशिराचा ठोका, जणू हसू आवरता आवरता उशीर झाला. खाली ड्रिल चालू होतं ते दोघांच्याही लक्षात आलं नाही.

"बाई, काळजात गेलं," कात्री म्हणाला. मग खुर्ची वळवून, "पण हा हसला नव्हता ना हो तेव्हा?"

"तू होतास का तिथे?"

"मी नव्हतो. तुम्ही होतात."

"सध्या राहू दे," ताई म्हणाली. "मग बघू."

संकलनाच्या खोलीत सध्या राहू दे म्हटलेली गोष्ट कायमचीच राहते. कात्रीनं आणखी दोनदा विषय काढला. एकदा तर डोक्यावरचा पंखा बंद करून म्हणाला, "बाई, मान उसनी घेणं वेगळं. हे आपण एका माणसाचं मन उसनं घेतोय." ताई त्याच्यावर उखडली. एवढी वर्षं काय झोपा काढत होतास का, प्रत्येक फिल्ममध्ये आपण हेच केलंय, असं म्हणाली. कात्रीनं पंखा पुन्हा चालू केला.

मग महोत्सवाचं पत्र आलं. मोठा महोत्सव, तिला अजून कधी न मिळालेला. निवड करणाऱ्यांनी मुद्दाम लिहिलं होतं की मैत्रीच्या पोटातली क्रूरता इतक्या धिटाईनं दाखवणारं ते एक हसू आमच्या मनातून जात नाही. ताईनं ते पुन्हा एकदा वाचलं. त्या हसण्यात क्रूरता नव्हती, एका म्हाताऱ्या बाईची झोप होती, हे जगात फक्त तिला आणि कात्रीला ठाऊक होतं. तो शॉट फिल्ममधून काढून टाकायला अजून वेळ होता. रोज सकाळी दात घासताना ती ठरवायची, आज काढायचा. दुपारपर्यंत तिला शॉटच्या बाजूनं इतकी कारणं सापडत, की वकिलानंही तिच्यापुढे हात टेकले असते.

त्यातलं सगळ्यात भक्कम कारण होतं घरचा खेळ. तिची रीतच होती तशी. फिल्म जगाला दाखवायच्या आधी ती ज्यांच्यावर आहे त्यांना, त्यांच्याच जागेत दाखवायची. ठोक्या तिथे असणार, घोगऱ्या असणार, काकू असणार. ठोक्या उठून म्हणेलच, "ए ताई, हे काय, मी कधी हसलो?" काकू म्हणतील, "अगो, ही तर माझी डुलकी!" सगळे तिला धारेवर धरतील, ती कान पकडेल, आणि शॉट जाईल. थोडक्यात काय, चोरी पकडून द्यायचं काम तिनं ज्यांच्या घरी चोरी केली त्यांच्यावरच सोपवलं होतं. आणि पकडली जाण्याची ती खरोखर वाट बघत होती.

घरचा खेळ तळघरातच झाला. एका गालिच्यावर पांढरी चादर टाचली. खुर्च्या कमी पडल्या म्हणून ठोक्यानं वर्कशॉपमधून फळ्या आणल्या, आणि त्याची बायको, जिला ताई वहिनी म्हणायची, घरून सगळ्यांसाठी पाणी घेऊन आली. पहिला अर्धा तास नुसता दंगा. स्वतःचं पोट पडद्यावर बघून घोगऱ्या ओशाळला, काकूंनी आपल्या केसांना नावं ठेवली. डुलकीचा प्रसंग अर्थातच फिल्ममध्ये नव्हता. त्यातलं हसू दुसरीकडे खर्च झालं होतं.

मग ते गाणं आलं. ताई पडद्याकडे बघत नव्हती, ती मंडळींकडे बघत होती. घोगऱ्याचा आवाज फाटला तेव्हा कुणीतरी सुस्कारा सोडला. मग पडद्यावर ठोक्या हसला. तळघरात कुणी हललं नाही. घोगऱ्यानं मान वळवली नाही. फक्त त्याचा घशाशी गेलेला हात तिथेच राहिला. आता, ताईनं मनात म्हटलं. आता बोल, ठोक्या. ठोक्या पडद्याकडे बघत होता, तोंड अर्धवट उघडं, आणि त्याचे कान लाल होत होते.

फिल्म संपली, दिवे लागले, टाळ्या झाल्या. टाळ्या थांबल्यावर ठोक्या उठला, फळ्या ओलांडत घोगऱ्यासमोर जाऊन उभा राहिला.

"मला माहीतच नव्हतं रे," तो म्हणाला. "आईशप्पथ, मला आठवत पण नाही. पण हसलो मी. तू असा... आणि मी हसलो."

घोगऱ्याला आता मोठ्यानं बोलता येत नव्हतं. तो कुजबुजल्यासारखा म्हणाला, "जाऊ दे रे. आवाजच तसा निघाला होता. तुझ्या जागी मी असतो तर मी पण हसलो असतो."

"तू नसतास हसला."

"बरं, नसतो हसलो. पण जाऊ दे म्हणतोय ना?" आणि त्यानं ठोक्याला जवळ घेतलं. ठोक्या त्याच्या खांद्यावर तोंड दाबून लहान मुलासारखा रडला. वहिनी पदरानं डोळे टिपत होती. काकू ताईपाशी आल्या, तिचा हात हातात घेऊन म्हणाल्या, "ताई, तुझ्या कॅमेऱ्यापासून काही लपत नाही गं बाई."

त्या क्षणी बोलायला हवं होतं. शब्द तोंडाशी आलेले होते: तो हसला नाही, मी हसवला. पण सगळे तिच्याकडे अशा विश्वासानं बघत होते, आणि दोन मित्र असे गळ्यात पडलेले होते, की आता बोलणं म्हणजे या सुंदर प्रसंगाचा विचका करणं, असं तिनं स्वतःला पटवलं. ती मूग गिळून गप्प बसली. आणि लाजेच्या खाली, अगदी तळाशी, तिला एक गोष्ट जाणवली, ती सगळ्यात वाईट होती: आत्ता कॅमेरा आणायला हवा होता, असं तिच्या मनात येऊन गेलं होतं.

महोत्सवात फिल्मला बक्षीस मिळालं. मंचावर तिनं सावकाशवाल्यांचे आभार मानले, ठोक्याचे विशेष. लोकांना ते फार उदार वाटलं. हॉटेलच्या खोलीत परतल्यावर तिला उलटी झाली आणि तिनं ती जेवणावर ढकलली.

ती परत आली त्याच आठवड्यात वहिनीचा फोन आला. वहिनी घुमवून फिरवून बोलणारी बाई नव्हती. "ताई, त्यांनी वाजवणं सोडलंय. ड्रम चादर घालून माळ्यावर टाकलाय. घोगरेभाऊजी रोज दारात येतात, चल म्हणतात, हे घरात असून नाही म्हणून सांगायला लावतात. जेवताना मधेच थांबतात, म्हणतात मी असा आहे हे मला कळलंच नव्हतं. तुमचं ऐकतील ते. तुम्ही सांगून बघा ना."

आता मात्र ताईनं एकाही कारणाला जवळ फिरकू दिलं नाही. ती कात्रीच्या खोलीवर गेली आणि म्हणाली, त्या दिवसाचं सगळं कच्चं चित्रण काढ. कात्रीनं ते लावलं. चित्रात घोगऱ्याशिवाय काहीच नव्हतं. पण प्रत्येक वाद्याजवळ एक छोटा माइक लावलेला असायचा, आणि ड्रमजवळच्या माइकचा आवाज वेगळा साठवलेला होता. तो त्यांनी कधी नीट ऐकलाच नव्हता, कारण उसनं हसू मिळाल्यावर त्याची गरज उरली नव्हती. कात्रीनं आवाज वाढवला. घोगऱ्याची ओळ संपते, स्पीकरची घरघर, आणि मग नाकातून तुटत तुटत आत ओढलेला श्वास, एकदा, दोनदा, आणि दाबलेला एक आवाज. मग ठोका.

"रडतोय हो हा," कात्री म्हणाला आणि त्यानं कानांवरचे हेडफोन काढून ठेवले.

ताईचा जीव भांड्यात पडला. पुरावा होता. तिनं तो आवाज आणि डुलकीचा अख्खा शॉट लॅपटॉपमध्ये घेतला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ठोक्याच्या वर्कशॉपमध्ये गेली.

ठोक्या एका दाराला रंधा मारत होता. पायाशी लाकडाच्या कुरळ्या साली पडलेल्या. तिला बघून त्याचा चेहरा खुलला, त्यानं एक स्टूल फडक्यानं पुसून पुढे केलं. "बक्षीस मिळालं म्हणे! पेढे कुठायत?"

"ठोक्या, मला काहीतरी सांगायचंय. मधे बोलू नकोस." आणि तिनं सगळं सांगितलं, उसनवारी, कात्री, महोत्सवाचं पत्र, घरच्या खेळातलं तिचं गप्प बसणं, काही हातचं न राखता. मग लॅपटॉप त्या आडव्या दारावर ठेवून काकूंची डुलकी दाखवली. ठोक्या वाकून बघत होता. डुलकीला त्याच्या ओठांचे कोपरे हलले.

"हो, हा दिवस आठवतो मला," तो म्हणाला. "म्हणजे फिल्ममधलं हसू हे आहे."

"हो! हेच आहे. घोगऱ्यावर तू हसलाच नाहीस. ते मी चिकटवलंय तिथे. शिव्या घाल मला, काय वाट्टेल ते बोल. पण तू हसला नाहीस."

ठोक्यानं रंध्याच्या पात्यात अडकलेली साल ओढून काढली. तो चिडला नव्हता, हे बघून तिला भीती वाटायला लागली.

"ताई, तो शॉट इकडचा असेल, तिकडचा असेल. तुमचं ते काय ते तुम्हाला माहीत. पण मला आता आठवतंय ना. त्या दिवशी पण मी हसलो होतो. आधी आठवत नव्हतं, तू दाखवलंस आणि आठवलं. अगदी स्पष्ट. ओठ असे दाबले होते मी."

"अरे, ते तू फिल्ममध्ये बघितलंस म्हणून!"

"आणि मनात पण आलं होतं काहीतरी. खोटं कशाला बोलू? इतकी वर्षं सगळे त्याला ऐकायला यायचे. त्याचा आवाज फाटला तेव्हा मला एक सेकंद, एकच सेकंद..." त्याचे कान लाल झाले. "ते तोंडावर आल्याशिवाय राहतंय होय! तू कशाला स्वतःवर घेतेस? माझं मन राखायला आलीयेस, कळतंय मला. तुझ्या वहिनीनं फोन केला ना?"

"मन राखायला नाही रे आले. आवाज आहे माझ्याकडे. त्या क्षणाचा, तुझ्याच माइकचा. तू रडत होतास. ऐक, मग बोल."

तिनं हेडफोन त्याच्या कानांवर बसवले आणि बटण दाबलं. ठोक्यानं डोळे मिटले. ऐकून झाल्यावर त्यानं बोटानंच खूण केली, परत. तिनं परत लावलं. आता कळेल याला, आता सुटेल हा.

ठोक्यानं डोळे उघडले. डोळ्यांत पाणी होतं.

"हे बघ," तो हळू म्हणाला. "नाक दाबून हसतोय मी. आवरत पण नाहीये मला."

"रडतोयस तू, ठोक्या! हा हुंदका आहे!"

"ताई, माझा आवाज मला कळत नाही होय?" त्यानं हेडफोन काढले आणि अलगद तिच्या कानांवर ठेवले, तिची केसांची बट अडकली ती सोडवली, अगदी धाकट्या भावानं करावं तसं. "तूच ऐक. तुझ्या मनात माया आहे म्हणून तुला रडू वाटतं. आणि एक सांगतो, बरं झालं दाखवलंस. नाहीतर मी स्वतःला चांगला माणूस समजत मेलो असतो." आणि त्यानं स्वतःच बटण दाबलं.

स्पीकरची घरघर आली. मग नाकातून तुटत तुटत ओढलेला श्वास, एकदा, दोनदा, आणि तो दाबलेला आवाज. ताईला तो पाठ होता. तिनं डोळे मिटले, मन लावून ऐकलं, आणि तिलाही ते हसूच ऐकू आलं.